‘वाइल्ड हॉर्सेस’: स्टोन्सचं कंट्री खरं की उसनं?

सहावी तार

परवा इथल्याच एका प्रतिसादात वाचलं, की रोलिंग स्टोन्सचं ‘वाइल्ड हॉर्सेस’ म्हणजे ब्लूजवाल्या (कृष्णवर्णीय अमेरिकनांचं संगीत वाजवणाऱ्या) इंग्रज पोरांनी हौसेखातर डोक्यावर घातलेली काउबॉय टोपी, म्हणजे अमेरिकेच्या ग्रामीण दक्षिणेतल्या कंट्री संगीताची उसनी नक्कल. मला हे अजिबात पटलेलं नाही. एका ओळीत उत्तर देण्याइतका विषय लहानही नाही, म्हणून वेगळा धागा.

डिसेंबर १९६९. अमेरिकेचा दौरा संपत आलेला. अलाबामातल्या शेफील्ड गावच्या मसल शोल्स साउंड स्टुडिओत स्टोन्स तीन दिवस थांबले आणि तीन गाणी घेऊन निघाले: ‘यू गॉटा मूव्ह’, ‘ब्राउन शुगर’ आणि हे. दोनच दिवसांनी कॅलिफोर्नियातल्या अल्टमाँटची ती भयंकर मैफल झाली, जिथे गर्दीत एका तरुणाचा खून झाला. एवढ्या धामधुमीत हे गाणं इतकं शांत कसं झालं, याचं मला आजही आश्चर्य वाटतं. मेझल्स बंधूंच्या ‘गिमी शेल्टर’ या माहितीपटात सगळे स्टुडिओत बसून नुकतंच ध्वनिमुद्रित झालेलं हे गाणं ऐकताहेत, असा प्रसंग आहे. स्टोन्सचा गिटारवादक कीथ रिचर्ड्स डोळे मिटून बसलाय. कोणी कोणाशी बोलत नाही.

आता वाद्यं बघा. पेडल स्टील (आडवी ठेवून वाजवायची गिटार) नाही, फिडल म्हणजे व्हायोलिन नाही, म्हणजे कंट्रीची ठरलेली खूण एकही नाही. कीथकडे बारा तारांची गिटार. बँडचा दुसरा गिटारवादक मिक टेलर, त्याच्या अकूस्टिक गिटारला नॅशव्हिल ट्यूनिंग, म्हणजे खालच्या चार जाड तारा काढून तिथे बारीक तारा, एक सप्तक वर लावलेल्या. खर्ज निघून जातो आणि नुसता झंकार उरतो. दोन्ही गिटारी एकत्र वाजल्या की कुठली तार कोणाची हे कळेनासं होतं. चार्ली वॉट्सचे ड्रम्ससुद्धा घाईने येत नाहीत. ज्याला टोपीच घालायची आहे तो इतका आवर घालत नाही. स्टोन्सच्या प्रेमगीतांत मला हे सगळ्यात प्रामाणिक वाटतं, आणि ते कंट्रीमुळेच.

रात्रपाळी

असहमत. ठामपणे.

तुमच्या संपूर्ण लेखात ग्रॅम पार्सन्सचं नाव नाही, आणि त्याच्याशिवाय हे गाणं समजूच शकत नाही. जॉर्जियात वाढलेला हा मुलगा. बर्ड्स या अमेरिकन बँडमध्ये येऊन त्याने १९६८ साली त्या बँडला कंट्रीकडे वळवलं, मग दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्याला नकार देऊन लंडनमध्येच बँड सोडला आणि कीथचा जिवलग झाला. कीथला जुन्या कंट्रीत खोलवर नेलं ते पार्सन्सने. आणि ‘वाइल्ड हॉर्सेस’ आधी बाजारात आणलं तेही त्यानेच, फ्लाइंग बरिटो ब्रदर्स या आपल्या पुढच्या बँडच्या ‘बरिटो डिलक्स’ अल्बममध्ये, १९७० साली. हे गाणं असलेला स्टोन्सचा अल्बम ‘स्टिकी फिंगर्स’ आला १९७१च्या एप्रिलमध्ये, आणि हे गाणं अमेरिकेत सिंगल म्हणून आलं त्याच वर्षी जूनमध्ये.

पार्सन्सचा आवाज जागोजागी कापतो, सूर जेमतेम सांभाळतो. त्या माणसाकडे दुसरा आवाजच नव्हता. स्टोन्सचा गायक मिक जॅगर, त्याच्याकडे मात्र दहा आवाज आहेत आणि इथे त्यातला एक त्याने निवडलाय. शब्द कसे ओढतो ते ऐका, लंडनजवळच्या डार्टफर्डचा माणूस असं बोलत नाही. पुढे १९७८ साली ‘फार अवे आइज’मध्ये त्याने कंट्री गाण्याची सरळ नक्कलच केली. स्वतःला तो ब्लूजचा गायक मानतो, कंट्री कीथच्या गळ्याला जास्त शोभतं, असं त्यानेच मुलाखतीत सांगितलंय. मग आपण त्याच्यापेक्षा जास्त आग्रह का धरायचा?

मैना

मला या खरं-उसनंच्या वादापेक्षा गाणं कोणासाठी आहे यात रस आहे. जॅगरची तेव्हाची प्रेयसी, गायिका मारिॲन फेथफुल १९६९ साली सिडनीत औषधांच्या अतिसेवनाने बेशुद्ध झाली होती. ‘रानटी घोडेसुद्धा मला ओढून नेणार नाहीत’, असं शुद्धीवर आल्यावर आपण जॅगरला म्हणालो आणि तेच शब्द गाण्याच्या ध्रुवपदात आले, असं तिने सांगितलंय. हे कळल्यापासून मला ते दुसऱ्या कोणाचं वाटूच शकत नाही. दुसऱ्या अंतऱ्यात तो म्हणतो, की तुला दुखताना मी पाहिलं आणि आता तू तेच दुखणं मला दाखवते आहेस. हे कोणी कल्पनेने लिहीत नाही.

सहावी तार

@मैना, जॅगरने १९९३च्या ‘जंप बॅक’ संग्रहासोबतच्या टिपणात वेगळं लिहिलंय. सगळे मारिॲनचं नाव घेतात, पण ते प्रकरण तोवर संपलं होतं. मात्र या गाण्यात आपण मनाने पूर्ण गुंतलो होतो, असा त्याचा सूर आहे. आणि मूळ ध्रुवपद कीथचं आहे. त्याचा मुलगा मार्लन १९६९च्या ऑगस्टमध्ये जन्मला, आणि काही महिन्यांतच त्याला घरी ठेवून दौऱ्यावर निघायचं होतं. अंतरे जॅगरने नव्याने लिहिले. म्हणजे बाळाला सोडून निघालेल्या बापाचं ध्रुवपद आणि तुटत चाललेल्या नात्याचे अंतरे एकाच गाण्यात. मला त्यात विसंगती दिसत नाही, जावंसं वाटत नसताना जावं लागणं दोन्हीकडे आहे. पहिलीच ओळ बालपणाची आहे, हेही लक्षात घ्या.

@रात्रपाळी, पार्सन्सचा वाटा मी नाकारत नाही. पण गाणं जॅगर-रिचर्ड्सचं आहे आणि स्टोन्सचं ध्वनिमुद्रण बरिटोंच्या अल्बमच्या आधीचं आहे. डेका या रेकॉर्ड कंपनीचा करार संपणं, व्यवस्थापक ॲलन क्लाइनशी बिनसणं, स्वतःचं लेबल उभं करणं या सगळ्यात ते वर्षाहून जास्त काळ पडून राहिलं. आधी प्रसिद्ध झालं म्हणून ते जास्त खरं ठरत नाही.

माळरान

गिटार वाजवतो म्हणून दोन गोष्टी.

हे गाणं जी मेजरमध्ये आहे, म्हणजे जी हा सूर त्याचं घर, पण अंतरा सुरू होतो बी मायनर या उदास कॉर्डवर आणि मग जीवर येतो, परत बी मायनर, परत जी. घरी पोचतो आणि लगेच बाहेर पडतो, असं ते चालतं. याच मायनर कॉर्ड्समुळे स्टोन्सचा जुना साथीदार इयान स्टुअर्टने पियानो वाजवायला नकार दिला. तो बूगी-वूगी या जलद, नाचऱ्या पियानोचा माणूस, मायनर कॉर्ड्स त्याला चालतच नसत. मग तिथे हजर असलेला मेम्फिसचा जिम डिकिन्सन बसला. त्याचा पियानो मागून हलकेच येतो, नीट कान दिला तरच सापडतो.

दुसरी गोष्ट ध्रुवपदाची. कीथ जॅगरच्या वरचा सूर धरतो, आणि तो धरण्याची पद्धत थेट एव्हर्ली ब्रदर्सची, म्हणजे कंट्रीतून आलेल्या दोन अमेरिकन गायक भावांची आहे. स्टोन्स १९६३च्या शरदात इंग्लंडमध्ये एव्हर्लींबरोबर दौऱ्यावर होते, रोज रात्री त्यांना ऐकत होते. पार्सन्सशी ओळख झाली त्याच्या पाच वर्षं आधी. म्हणजे कंट्री यांच्या कानात कोणी नंतर घातलं, असं म्हणता येत नाही.

चिंचपोकळी

मसल शोल्सबद्दल कोणीच बोललं नाही. ते कंट्रीचं नॅशव्हिल नव्हे, सोल या कृष्णवर्णीय अमेरिकनांच्या संगीताचं गाव. त्याच परिसरातल्या फेम स्टुडिओत १९६७ साली सोलगायिका अरीथा फ्रँकलिन गायली, आणि तिच्यामागे वाजवणाऱ्यांतले गोरे, दक्षिणेतल्या लहान गावांतले वादकच पुढे हा नवा स्टुडिओ काढून बसले. त्यांच्यातला जिमी जॉन्सन स्टोन्सच्या या तीन दिवसांचा साउंड इंजिनियर होता. त्या गावात कंट्री आणि सोल यांच्यामध्ये भिंत नव्हतीच. दुकानदारांनी कप्पे वेगळे केले म्हणून आपण भांडतोय.

रात्रपाळी

@चिंचपोकळी, भिंत नव्हती हे वादकांपुरतं ठीक. पण कोणाच्या वाट्याला काय आलं? स्टोन्सना सिंगल मिळालं, बिलबोर्डच्या यादीत २८वा क्रमांक मिळाला, पुढची पन्नास वर्षं स्टेडियम मिळाली. पार्सन्स १९७३ साली २६व्या वर्षी गेला, आणि जिवंतपणी त्याच्या रेकॉर्ड्स फारशा कोणी विकत घेतल्या नाहीत. हे मनात ठेवून मी ऐकतो आणि ऐकत राहणार.

मैना

२८वा क्रमांक काही फार नाही हो. त्याच्या आधीचं सिंगल ‘ब्राउन शुगर’ अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेलं होतं. त्यानंतर इतकं संथ गाणं बाजारात आणायला धैर्यच लागतं. रेडिओला तेव्हा त्यांच्याकडून दुसरं ‘ब्राउन शुगर’च हवं असणार.

माळरान

@रात्रपाळी, एक विनंती. स्टोन्सच्या १९९५च्या ‘स्ट्रिप्ड’ अल्बममधली याच गाण्याची आवृत्ती ऐका. आवाज पन्नाशीचा आहे, ओढूनताणून काही नाही. जॅगरने आवाज निवडलाय हा तुमचा आक्षेप तिथे टिकतो का ते सांगा.

रात्रपाळी

ऐकली. त्या आवृत्तीत आक्षेप बराच कमी होतो, कारण तिथे तो शब्द ओढत नाही, सरळ म्हणतो. १९६९च्या आवृत्तीबद्दल मत तेच. एव्हर्लींचा मुद्दा चांगला आहे, कीथचा वरचा सूर मलाही मनापासून आवडतो. ध्रुवपद स्टोन्सचं घ्या, अंतरे मी पार्सन्सकडूनच ऐकणार.