मदत हवी आहे : फाशी आणि निर्दोष सुटका, बोलणारा वकील पाहिजे

मंडळी, नमस्कार. कोथरूडला आमच्या ज्येष्ठ नागरिक संघात पुढच्या महिन्यात फाशीच्या शिक्षेवर चर्चा ठेवली आहे. विषय काढला की निम्मे लोक 'लटकवा एकदाचे' म्हणून मोकळे होतात, म्हणून प्रत्यक्ष खटला समोर ठेवायचं ठरवलंय.

भटक्या जमातीतल्या सहा जणांचा. गुन्हा 2003 चा. 2006 मध्ये नाशिकच्या सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशीची शिक्षा दिली. उच्च न्यायालयाने तिघांची जन्मठेपेवर आणली, तर सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये पुन्हा सहाही जणांना फाशी! आणि 2019 मध्ये पुनर्विचार याचिकेवर (म्हणजे आपलाच निकाल पुन्हा तपासावा या अर्जावर) त्याच न्यायालयाने सगळ्यांना निर्दोष सोडलं, प्रत्येकी 5 लाख भरपाईसह. मला हादरवणारी गोष्ट वेगळीच आहे. घटनेतून वाचलेल्या साक्षीदार बाईंनी पोलिसांच्या फोटोंमधून आधी भलत्याच चौघांना ओळखलं होतं. त्यांच्यावर खटलाच नाही! खालच्या कोर्टापासून वरपर्यंत हे कुणाला खटकलं कसं नाही?

तर हवंय हे : 2019 च्या निकालाचा मराठी अनुवाद कुणाकडे आहे का? इंग्रजी प्रत मिळाली, पण आमच्या मंडळींना ती झेपायची नाही. शिवाजीनगर कोर्टात फौजदारी खटले चालवणारे, तासभर सोप्या मराठीत बोलतील असे कुणी वकील ओळखीत आहेत का? पुनर्विचार याचिका म्हणजे काय, हे त्यांनी आधी सांगावं. मानधन फार नाही, चहा-पोहे नक्की. सरकारी वकील असले तरी चालेल, उलट बरंच!