हिमनग, हिमनदी, समुद्रबर्फ : कशाला काय म्हणायचं?

प्रश्न :
शाळेच्या भित्तिपत्रकासाठी नववीतल्या एका मुलीने लिहिलेलं वाक्य : 'तापमानवाढीमुळे आर्क्टिकमधील हिमनग विरघळत असून समुद्राची पातळी वाढत आहे.' 'विरघळत'चं 'वितळत' करणार आहे. 'हिमनग' चालेल ना?

प्रतिसाद १ :
'वितळत' कराच. साखर पाण्यात विरघळते, बर्फ उष्णतेने वितळतो. घरात आपण 'बर्फ विरघळला' सर्रास म्हणतो आणि बोलताना ते चुकीचं वाटतही नाही, पण विज्ञानाच्या फलकावर हा फरक पाळलेला बरा. आइस्क्रीम पाघळतं, तो 'पाघळणे' मात्र इथे नको.

प्रतिसाद २ :
ताई, क्रियापदापेक्षा नामाची अडचण मोठी आहे. 'नग' म्हणजे डोंगर, म्हणून 'हिमनग' म्हटलं की बर्फाचं शिखर डोळ्यांपुढे येतं आणि वर्तमानपत्रं हिमालयातल्या हिमनदीलाही तोच शब्द लावून मोकळी होतात. हिमनग म्हणजे हिमनदीच्या किंवा हिमचादरीच्या टोकाचा तुटून समुद्रात तरंगणारा तुकडा. ग्रीनलँडमधल्या इलुलिसात गावाच्या नावाचा अर्थच 'हिमनग' आहे. शेजारची सर्मेक कुयालेक हिमनदी खाडीत सतत कडे ढासळवत असते, आणि गावासमोर तरंगतात ते हिमनग. जमिनीवरून सरकते ती हिमनदी. अख्ख्या ग्रीनलँडवर पसरली आहे ती हिमचादर.

आर्क्टिकच्या मधोमध जमीन नाही, महासागर आहे. तिथे हिवाळ्यात समुद्राचंच पाणी गोठतं आणि जेमतेम काही मीटर जाडीचा थर होतो. त्याला 'समुद्रबर्फ' म्हणावं. १९८० च्या सप्टेंबरात, म्हणजे उन्हाळ्याच्या अखेरीस, हा बर्फ सत्तर लाख चौरस किलोमीटरहून अधिक होता. सप्टेंबर २०१२ मध्ये तो सुमारे ३४ लाखांवर आला.

आता त्या मुलीच्या वाक्याचा उत्तरार्ध बघा. समुद्रबर्फ आधीच पाण्यावर तरंगतो आहे, स्वतःच्या वजनाइतकं पाणी त्याने केव्हाच बाजूला सारलं आहे. तो वितळला तर पातळी जवळजवळ वाढत नाही. पातळी वाढवतो तो जमिनीवरचा बर्फ. ग्रीनलँडची हिमचादर २००२ पासून वर्षाला सरासरी २५० अब्ज टनांहून अधिक बर्फ गमावते आहे. ती पूर्ण संपली तर जगभरचा समुद्र सुमारे सात मीटर चढेल. म्हणून नावातच बर्फ कुठे आहे हे कळायला हवं. 'ध्रुवावरचं बर्फ' असं मोघम लिहिलं की मुलांना ही दोन कामं एकच वाटतात.

प्रतिसाद ३ :
म्हणजे समुद्रबर्फाची काळजी नको?

प्रतिसाद २ :
उलट, जास्तच. पांढरा बर्फ उन्हाचा मोठा हिस्सा परत फेकतो, तर उघडा समुद्र नव्वद टक्क्यांहून जास्त ऊन शोषून घेतो. बर्फ जितका कमी, तितकं पाणी गरम, आणि पुढच्या हिवाळ्यात बर्फ आणखी पातळ. १९७९ पासून आर्क्टिक जगाच्या सरासरीच्या जवळजवळ चौपट वेगाने तापलं आहे, त्यामागचं हे एक मोठं कारण आहे. ध्रुवीय अस्वलं सीलची शिकार याच बर्फावरून करतात.

प्रतिसाद ४ :
अंटार्क्टिकात किनाऱ्याला चिकटून पण पाण्यावर तरंगत असलेला जाड बर्फ असतो, त्याला काय म्हणावं? भारताचं पहिलं केंद्र, दक्षिण गंगोत्री, अशाच बर्फावर होतं ना?

प्रतिसाद २ :
हो, आणि ते बर्फाखाली गाडलं गेल्यावर १९९० मध्ये सोडून द्यावं लागलं. त्यानंतरचं केंद्र 'मैत्री' त्यामुळे खडकावर आहे. या बर्फाला मी 'तरंगती हिमचादर' म्हणतो, लांबलचक आहे पण फसवत नाही. २००२ मध्ये लार्सन-बी नावाचा असा सुमारे ३,२५० चौरस किलोमीटरचा पट्टा पाचेक आठवड्यांत फुटून गेला. तो तरंगताच होता, त्यामुळे त्याने समुद्र चढला नाही. पण त्याचा आधार गेल्यावर मागच्या हिमनद्या कित्येक पटींनी वेगाने समुद्रात उतरू लागल्या.

प्रतिसाद ५ :
पर्माफ्रॉस्टला 'कायम गोठलेली जमीन' बरोबर आहे का? आणि ती 'वितळते' म्हणावं?

प्रतिसाद २ :
नाव ठीक आहे. सलग किमान दोन वर्षं शून्य अंश सेल्सिअस किंवा त्याखाली राहिलेली जमीन, एवढीच व्याख्या आहे. 'वितळते' मात्र पटत नाही. फ्रीजरमधले मटार बाहेर काढले तर ते वितळत नाहीत, त्यांच्यातला बर्फ वितळतो आणि ते मऊ पडतात. जमीनही 'मऊ पडते' किंवा 'खचते' म्हणा. ऑक्टोबर २०१६ मध्ये नॉर्वेच्या स्वालबार्ड द्वीपसमूहातल्या, जगभरचं बियाणं जपून ठेवणाऱ्या बीजकोठाराच्या प्रवेशबोगद्यात पाणी शिरलं ते यामुळेच. बियाणं सुरक्षित राहिलं. भारताचं 'हिमाद्री' संशोधन केंद्रही त्याच द्वीपसमूहात आहे. या जमिनीत वातावरणाच्या दुपटीइतका कार्बन अडकलेला आहे, तेव्हा भित्तिपत्रकात तिला एक चौकट नक्की द्या.

प्रश्नकर्ती :
मुलीबरोबर बसून बदललं : 'ग्रीनलँडची हिमचादर वितळत असल्याने समुद्राची पातळी वाढत आहे, आणि समुद्रबर्फ कमी झाल्याने आर्क्टिक महासागर जास्त ऊन शोषत आहे.'

प्रतिसाद १ :
छान झालं. फक्त 'चादर' म्हटलं की पातळसं काही मनात येतं. कंसात जाडी लिहा : ग्रीनलँडमध्ये काही ठिकाणी तीन किलोमीटरहून जास्त.