‘अपिलात सुटलो’ म्हणजे नेमकं काय झालं?

विचारणा (मालवण)
आमच्या पंचक्रोशीत बांधावरून मारामारी होऊन एकाचा जीव गेला होता. सत्र न्यायालयात शिक्षा झाली. परवा बाजारात तीनदा ऐकलं, ‘तो अपिलात सुटलो.’ विचारलं तर एक म्हणतो जामीन झाला, दुसरा म्हणतो निर्दोष ठरला, तिसरा म्हणतो शिक्षा कमी झाली. वाडीच्या अंकात लिहायचं आहे, तर कोणता शब्द वापरू? आणि अपील ‘ते’ की ‘ती’?

रत्नागिरी
सोपं आधी. अपील नपुंसकलिंगी: अपील केलं, अपील फेटाळलं. वकील-वकिलाला, तसं अपील-अपिलात. ‘अपीलात’ लिहू नका.

आता सुटणं. जन्मठेप झाली की उच्च न्यायालयात अपिलाला ६० दिवसांची मुदत असते. अपील सुनावणीला यायला वर्षं जातात, म्हणून तोवर शिक्षा स्थगित ठेवून जामीन मागतात (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ३८९, नव्या नागरिक सुरक्षा संहितेचं ४३०). मिळाला की माणूस घरी दिसतो नि वाडी म्हणते सुटला. पण तो अजून दोषी ठरलेलाच आहे. त्याला ‘अपील चालू असताना जामिनावर आला’ एवढंच म्हणायचं.

अपील मंजूर होऊन दोषी ठरवणारा निकालच रद्द झाला तर ‘निर्दोष मुक्तता’. हा शब्द रूढ आहे, मला मात्र खटकतो. संशयाचा फायदा देणारं न्यायालय ‘हा निर्दोष’ असं म्हणतंच असं नाही, पुरावा पुरला नाही म्हणतं. ‘दोषमुक्त’ बरा. ‘आरोपमुक्त’ मात्र नको. ते खटला उभा राहण्याआधीच होतं, अपिलाशी त्याचा संबंध नाही. बातम्यांत ही गल्लत सर्रास दिसते.

देवगड
वकीलसाहेब, तिसरी सुटका राहिली की! आमच्याकडे तिला ‘कलम उतरलं’ म्हणतात. जुन्या दंड संहितेतलं खुनाचं ३०२ जाऊन ३०४ येतं, म्हणजे ‘खून या सदरात न मोडणारा सदोष मनुष्यवध’. (एकाने मला ‘सदोष’चा अर्थ ‘नीट न जमलेला’ असा सांगितला होता!) दोष करणाऱ्याचा आहे, एवढंच त्यात आहे.

बांधाच्या भांडणात हे बसतं कसं? आधी ठरवलेलं नसताना, अचानक जुंपलेल्या भांडणात, रागाच्या भरात घाव घातला, आणि घालणाऱ्याने गैरफायदा घेतला नाही की क्रूरपणा केला नाही, तर तो खुनाच्या व्याख्येला अपवाद. इथे कोकणातली एक गोष्ट बाहेरच्यांना समजावावी लागते. झाडी तोडायला निघालेल्या माणसाच्या कमरेला आकडीत कोयती असतेच. ती हत्यार म्हणून आणली की कामाची म्हणून होती, यावर अख्खं अपील फिरू शकतं. घाव किती आणि कुठे, हेही बघतातच.

३०४ च्या पहिल्या भागात जन्मठेप किंवा १० वर्षांपर्यंत, दुसऱ्यात १० वर्षांपर्यंत. आठ वर्षं आत काढलेल्याला तेवढीच शिक्षा ठरली, तर तो निकालानंतर घरी येतो. दोषी राहूनच. १ जुलै २०२४ पासूनच्या घटनांना न्याय संहितेची १०३ आणि १०५ लागतात, त्याआधीच्यांना जुनेच आकडे. म्हणजे अपिलांत दोन्ही बराच काळ ऐकू येणार.

मालवण
आमच्याकडे कलम म्हणजे आधी हापूसचं. कलमावरून कलम लागलं, असं एक म्हातारे गंभीर चेहऱ्याने म्हणायचे.

गुहागर
माझी अडचण वेगळ्या शब्दाची आहे. अशा निकालांत ‘सेटल्ड पझेशन’ येतं. मराठीत त्याचं ‘स्थिर ताबा’, ‘प्रस्थापित ताबा’ असं काहीतरी करतात. मला ते निर्जीव वाटतं. ताबा काल रात्री गडगा (दगडी कुंपण) पाडूनही घेता येतो. कब्जा तर मुठीत धरण्याचाच शब्द.

सर्वोच्च न्यायालयाने १९७५ मध्ये पूरणसिंग विरुद्ध पंजाब राज्य या फौजदारी अपिलात याच्या कसोट्या सांगितल्या. ताबा प्रत्यक्ष हवा, बऱ्यापैकी काळ चाललेला हवा, मालकाला माहीत असलेला, लपवाछपवीचा नको. आणि शेतजमीन असेल तर पीक कोणी लावलं ते बघा. असा जम बसलेला असेल तर खऱ्या मालकालाही पीक उधळून जबरदस्तीने आत शिरता येत नाही, त्याने कोर्टात जावं. प्रकरण पंजाबचं, पण वाचताना वाटलं की हे सगळं आपण एका शब्दात बोलतो: वहिवाट. ‘वहिवाट कोणाची?’ विचारलं की गाव मालकाचं नाव सांगत नाही. तरवा कोण लावतो, भाजावळ कोण करतो, गवत कोण कापतो, आंबे कोण उतरवतो, ते सांगतं. सातबाऱ्यातही हा भेद आहेच. सात हक्काचा नमुना, बारा पिकाचा. कुळांच्या जमिनींत तर नाव एकाचं नि नांगर दुसऱ्याचा, पिढ्यान्‌पिढ्या.

रत्नागिरी
शब्द सुंदर, पण जपून. वहिवाट म्हणजे प्रघातही, आणि ‘वहिवाटीचा रस्ता’ म्हटलं की जाण्यायेण्याचा हक्क. निकालात नुसतं ‘वहिवाट’ लिहिलं तर पाखाडीचा (पायवाटेचा) वाद की शेताचा, हेच कळणार नाही. ‘वहिवाटीचा ताबा’ म्हणा.

आणखी एक. वहिवाट आपली ठरली म्हणजे जीव घेण्याची मोकळीक मिळाली, असं कोणी वाचू नये. मालमत्तेच्या बचावात जीव जाईपर्यंत जाण्याची मुभा जबरी चोरी, रात्रीची घरफोडी, राहत्या घराला आग अशा मोजक्याच प्रसंगांत आहे. साध्या आगळिकीत ती नाही. पण बचावाचा हक्क होता, तो सद्‌हेतूने वापरताना हद्द ओलांडली, असं ठरलं तर तोही खुनाला अपवाद. म्हणजे परत देवगडकरांचं ‘कलम उतरलं’.

मालवण
चौकशी केली. अपील अजून चालूच आहे. हल्ली ‘मुंबईक अपील’ म्हणणारेही ‘कोल्हापूरक’ म्हणू लागलेत, कारण १८ ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी-सिंधुदुर्गाची प्रकरणं मुंबई उच्च न्यायालयाच्या तिथल्या सर्किट बेंचकडे जातात. तर वाक्य असं करतो: ‘शिक्षेला स्थगिती मिळून तो जामिनावर सुटला आहे.’

रत्नागिरी
‘सुटला’ काढा. ‘आला’ लिहा.