मदत हवी आहे : आत्याने केमोथेरपी अर्धवट सोडली आहे

नमस्कार. माझ्या आत्याला (वय 58, मुलुंड) स्तनाच्या कर्करोगाचे दुसऱ्या टप्प्यात निदान झाले, शस्त्रक्रिया सुखरूप पार पडली आणि दर 21 दिवसांनी एक याप्रमाणे केमोच्या सहा फेऱ्या ठरल्या. दोन झाल्या, मग ती विलेपार्ल्यातील एका स्वयंउपचार शिबिराला गेली आणि तिसऱ्या फेरीला गेलीच नाही. मनात साठलेला राग सोडला की रोग उलटत नाही, औषध घेणे म्हणजे स्वतःच्या शरीरावर अविश्वास दाखवणे, असे तेथील मार्गदर्शक बाई सांगतात.

लालबागच्या चाळीच्या पुनर्विकासात मिळालेल्या घराच्या हिश्श्यावरून आत्या आणि माझे वडील सात वर्षे बोलत नव्हते. तो रागच आजाराचे मूळ, असे बाईंनी ठरवले आणि शिबिरानंतर आत्या पेढे घेऊन आमच्या दारात उभी राहिली. त्या दिवशी आम्ही सगळेच रडलो. त्यामुळे वडील आता शिबिराविरुद्ध अवाक्षर काढत नाहीत. आत्या मात्र एखाद्या रात्री झोप लागली नाही, तरी 'माझ्याच मनात अजून काहीतरी उरले आहे' म्हणून स्वतःला दोष देते, आणि हे मला केमो सोडण्याइतकेच भयंकर वाटते.

भावनिक धक्क्यातून कर्करोग होतो, हे शिबिराच्या टिपणांतील मत राइक गेर्ड हामर या जर्मन डॉक्टरच्या सिद्धांताशी तंतोतंत जुळते. त्याचा वैद्यकीय परवाना 1986 मध्ये काढून घेतला गेला, हे सांगितल्यावर 'नव्या विचाराला विरोध होतोच' एवढेच उत्तर मिळाले. 2018 मध्ये 'जर्नल ऑफ द नॅशनल कॅन्सर इन्स्टिट्यूट'मध्ये आलेल्या अमेरिकन अभ्यासात, स्तनाच्या कर्करोगावर केवळ पर्यायी उपचार घेणाऱ्यांत मृत्यूचा धोका साडेपाच पटींहून अधिक आढळला होता. तो आकडा तिच्यापुढे ठेवायचे धाडस मला झालेले नाही.

औषधे व जादूचे उपाय (आक्षेपार्ह जाहिराती) अधिनियम, 1954 मी वाचला. त्याच्या अनुसूचीत कर्करोग आहे, जाहिरातीच्या व्याख्येत तोंडी घोषणाही येते आणि जादूच्या उपायांत तावीज, मंत्र, कवच मोडतात. रोज 108 वेळा म्हणायला दिलेले 'मी निरोगी आहे' हे वाक्य त्यात बसेल का, हे वकिली करणाऱ्या कोणी सांगावे. अर्थात तक्रार केली, तर आत्या आमच्यापासून कायमची दुरावेल, ही भीती आहेच.

डॉक्टरांचा ध्यानधारणेला विरोध नाही, त्यांना केमो हवी आहे. ध्यान करत करत केमो पूर्ण केलेली मुंबईतील कोणी स्त्री आत्याशी बोलायला तयार होईल का? आणि वडिलांनी तिच्याकडे हा विषय काढावा तो कोणत्या शब्दांत, म्हणजे झालेला समेट खोटा होता असे तिला वाटणार नाही? तिसरी फेरी चुकून आज नऊ दिवस झाले आहेत.