ती जळू नाही, बायपॅलियम आहे

एका लांबट प्राण्याचा फोटो टाकून ही जळू की सापाचं पिल्लू, असं कोणीतरी विचारलंय. तो फोटो जळूचा नाहीये, आणि सापाचं पिल्लू तर अजिबातच नाही! डोकं नीट बघा, पंख्यासारखं पसरट आहे ना, म्हणजे हा बायपॅलियम, जमिनीवर राहणारा चपटा कृमी. रक्त वगैरे पीत नाही, गांडुळं खातो.

आमच्याकडे पावसाळ्यात कुंडी उचलली की खाली हमखास एखादा सापडतो, एकदा तर गांडुळाला विळखा घालून बसलेला बघितला, अंगातून पांढरट पडद्यासारखं काहीतरी बाहेर काढून त्याच्यावर पसरलेलं, आधी कळेचना काय चाललंय ते. नंतर वाचलं की याचं तोंड डोक्याला नसतंच, पोटाखाली मधोमध असतं आणि खायचं नि टाकायचं भोक एकच 😄

बायपॅलियमच्या जातींपैकी बायपॅलियम केवेन्स हा मूळचा आग्नेय आशियातला, पण नाव पडलं लंडनच्या क्यू गार्डन या वनस्पती उद्यानावरून, कारण 1878 साली वर्णन झालं ते तिथल्या काचघरात सापडलेल्या नमुन्यावरून. कुंड्यांच्या मातीतून जगभर फिरलाय.

आणि त्या फोटोखाली कोणीतरी 'चिरून टाका' लिहिलंय ना, ते कृपया करू नका, तुकड्यांतून नवीन तयार होतात. एरवीसुद्धा शेपटीचा तुकडा मागे सोडून हा वाढतोच. गांडूळखताच्या बेडमध्ये दिसला तर चिमट्याने उचलून मिठात टाका. हात नका लावू, 2014 मध्ये यांच्यात टेट्रोडोटॉक्सिन सापडलंय, पफर माशात असतं तेच विष.