नाटकासाठी काल्पनिक तेजोमेघ हवाय, आभाळात कुठे ठेवू?

घुमटवाला
नमस्कार मंडळी. आमच्या गावच्या जत्रेला यंदा नवीन मराठी नाटक बसवतोय. संहिता माझीच. काळ १९१०: हॅलेचा धूमकेतू आलाय, तिकडे पोर्तुगालात राजा जाऊन प्रजासत्ताक यायला काही महिने आहेत. गावात एक भटजी आजोबा आणि पणजीच्या लिसेवात, म्हणजे पोर्तुगीज हायस्कूलात, शिकणारा त्यांचा नातू. दोघांचं वाजतं ते एका तेजोमेघावरून, म्हणजे आभाळात पुसट ढगासारखा दिसणाऱ्या नेब्युलावरून. हा मेघ खरा नाही, माझ्या डोक्यातला. आजोबांकडे त्याची पुराणकथा, नातवाकडे त्याचं विज्ञान.

मधला प्रवेश असा आहे: मृग लागतो, पहिली सर येऊन आभाळ मोकळं होतं आणि आजोबा मृगातला तो मेघ दाखवतात. मेघ मृगातच ठेवू की दुसरीकडे? कथा कुठली जोडू? आणि १९१० सालच्या शिकलेल्या पोराला तेजोमेघाबद्दल काय ठाऊक असेल? पुस्तकांची यादी नको, तालमी सुरू व्हायच्यात.

रातांबा
मृगच ठेवा. जत्रेतल्या माणसांना तेवढंच तर ओळखता येतं.

सड्यावरचा
घुमटवाला बाब, त्या प्रवेशात मृग चालायचा नाही. मृग लागतो म्हणजे सूर्य मृगात जातो. त्या दिवसांत ते तारे सूर्याबरोबरच उगवतात नि मावळतात, रात्री आभाळात नसतातच. पहिल्या रांगेतला एखादा म्हातारा शेतकरी हे पकडणार आणि दुसऱ्या दिवशी गावभर करणार.

शिवाय मृगात आधीच गर्दी आहे. हरणाच्या रूपातला प्रजापती, पुढे रोहिणी, मागे व्याध, पोटात बाण. बाणाच्या तीन ताऱ्यांखाली खरा तेजोमेघही आहे, काळोख्या रात्री नुसत्या डोळ्यांना पुसट दिसतो. अंतर सुमारे १३४० प्रकाशवर्षं, म्हणजे आज दिसणारा उजेड निघाला तेव्हा कोकणावर बदामीच्या चालुक्यांचा अंमल होता. एवढ्या सगळ्यात तुमचा काल्पनिक मेघ चेंगरेल.

दक्षिणेला या. मेअखेर, सूर्य रोहिणी नक्षत्रात असताना, रात्री आठच्या सुमारास गोव्यातून त्रिशंकू हा क्रुसासारखा दिसणारा तारकासमूह ऐन दक्षिणेला असतो. हात लांब केला तर क्षितिजापासून दीड मूठ वर. त्याच्या डाव्या कुशीला एक काळा डाग आहे. ते भोक नव्हे, मागच्या ताऱ्यांचा उजेड अडवणारी धूळ. उजव्या बाजूला थोडं सरकलं की नौकातल समूहातला प्रचंड तेजोमेघ. लाकाय या फ्रेंच खगोलज्ञाने १७५२ मध्ये केप ऑफ गुड होपवरून त्याची नोंद केली. मृगातल्या मेघापेक्षा किती तरी मोठा, पण आपल्याकडे क्षितिजालगत असल्याने कोणी फारसं बघत नाही.

आता तुमच्या कामाची गोष्ट. त्या मेघात ईटा कराइनी नावाचा तारा आहे. १८४३ मध्ये तो इतका भडकला की तेजात अगस्ती ताऱ्यालाही मागे टाकून रात्रीच्या आभाळातला सर्वांत तेजस्वी तारा व्याध याच्या जवळपास पोहोचला. मग विझत गेला, १९१० मध्ये नुसत्या डोळ्यांना दिसत नव्हता. तुमचे आजोबा पंच्याहत्तरीचे धरले तर त्यांच्या बापाने तो तारा पाहिला असणार! ‘माझ्या बापाने त्रिशंकूशेजारी आग पाहिली होती’ असं आजोबा सांगतात, आणि नातवाला तिथे काहीच दिसत नाही. नाटक तिथेच उभं राहतं. कथा त्रिशंकूचीच घ्या: विश्वामित्राने सदेह वर पाठवला, इंद्राने ढकलला, तो उलटा लटकला. काल्पनिक मेघ म्हणजे त्याचं खाली लोंबणारं उपरणं, असं काहीतरी तुम्हीच रचा.

पोपटराव
छान. शेवटी आजोबाच खरे ठरू देत. ऋषींना दुर्बिणीशिवाय सगळं माहीत होतं हे लोकांपर्यंत पोचायला हवं.

सड्यावरचा
नको हो. बापाने तारा पाहिला होता, एवढ्यावर आजोबा उभे राहतात. त्यांच्या हातात न सापडलेलं शास्त्र देऊ नका, विनोदी दिसेल.

मीनल_फोंडा
नातवाबद्दल लिहिते. मी शाळेत भौतिकशास्त्र शिकवते, त्यामुळे थोडं लांबेल.

१८६४ मध्ये विल्यम हगिन्स यांनी कालेय समूहातल्या एका तेजोमेघाचा वर्णपट, म्हणजे त्याचा उजेड रंगांत फाकवून मिळणारा पट्टा, पाहिला. ताऱ्यांचा असतो तसा सलग पट्टा दिसला नाही, चमकत्या सुट्या रेषा दिसल्या. म्हणजे हा ताऱ्यांचा पुंजका नाही, वायू आहे. पण त्यातल्या ठळक हिरव्या रेषा पृथ्वीवरच्या कुठल्याच मूलद्रव्याशी जुळेनात. मग नवं मूलद्रव्यच मानलं गेलं: नेब्युलियम. हेलियम आधी सूर्याच्या वर्णपटात आणि नंतर पृथ्वीवर सापडला होता, म्हणून कोणाला यात वावगं वाटलं नाही. १९२७ मध्ये आयरा बोवेन यांनी दाखवलं की तो साधा ऑक्सिजन आहे, दोन इलेक्ट्रॉन गमावलेला. तिथला वायू इतका विरळ की इथल्या हवेत कधी दिसणार नाहीत अशा रेषा त्यातून निघतात.

तेव्हा १९१० चा नातू छाती फुगवून सांगेल, ‘आजोबा, तिथे त्रिशंकू नाही, नेब्युलियम आहे.’ प्रेक्षकांत बारावीची मुलं असतील, ती हसतील. आजोबांइतकाच नातूही नसलेल्या गोष्टीवर हक्क सांगतोय, आणि त्याला ते कळायला अजून सतरा वर्षं आहेत. कृपा करून हे संवादात उलगडून सांगू नका.

एक विनंती प्रकाशयोजनेबाबत: जांभळा-गुलाबी झोत टाकू नका. ते रंग लांब वेळ घेतलेल्या छायाचित्रांतले, तेव्हाच्या फोटोच्या काचा तर काळ्या-पांढऱ्या. डोळ्याला तेजोमेघ राखाडी दिसतो, मोठ्या दुर्बिणीतून फार तर हिरवट.

रातांबा
मीनलताई, नेब्युलियम भारीच. पण जत्रेत पहाटे तीनला अंक दुसरा चालू असतो, तेव्हा हे कोणाच्या डोक्यात शिरणार?

मीनल_फोंडा
शिरेल. आपल्याकडचे लोक पहाटेपर्यंत संगीत नाटकं ऐकून घरी पदं म्हणतात.

घुमटवाला
सड्यावरचा बाब, मीनलताई, दोघांचे आभार. प्रवेश रोहिणीत हलवला. मृगाची वाट बघणारे शेतकरी मागे बोलत राहतील, म्हणजे तोही शब्द वाया जात नाही. पोपटराव, आजोबांना शेवटचं वाक्य देतोय, जिंकवत नाही. आता हे आभाळ एकदा स्वतः बघायचंय. कुठे जाऊ?

सड्यावरचा
किनाऱ्यावर नको, शॅकच्या दिव्यांनी क्षितिज धुतलेलं असतं. सत्तरीत किंवा नेत्रावळीकडे, दक्षिण उघडी असलेला सडा शोधा. अमावास्येच्या आसपास जा, आणि मे उजाडायची वाट बघू नका, तेव्हा ढग दाटतात. फेब्रुवारी-मार्चमध्ये मध्यरात्रीनंतर हेच तारे वर असतात. दुर्बीण हवी तर पणजीत असोसिएशन ऑफ फ्रेंड्स ऑफ ॲस्ट्रोनॉमीच्या हौशी मंडळींना विचारा, लोकांना आभाळ दाखवण्याचं काम ते वर्षानुवर्षं करतात.

रातांबा
पण मार्चमध्ये बघून काय उपयोग, जत्रा पौषात ना?

घुमटवाला
जत्रा पौषातच. पण तेव्हाही पहाटे दक्षिणेला त्रिशंकू वर असेल ना? देवळामागे माड आहेत, तेवढे आड येतील.