डेबियनच्या रूटचा पासवर्ड कुणालाच माहीत नाही

वाचनालय-सेवक:
नमस्कार. आमच्या वाचनालयातील संगणकावर ज्यांनी डेबियन (लिनक्सवर आधारित कार्यप्रणाली) बसवले ते गाव सोडून गेले आणि रूटचा, म्हणजे सर्व अधिकार असलेल्या मुख्य खात्याचा, पासवर्ड कुठेही लिहिलेला नाही. माझ्या खात्यातून सुडो (रूटचे अधिकार तात्पुरते देणारी आज्ञा) वापरले, तर हे खाते सुडोअर्समध्ये (ती परवानगी असलेल्यांच्या यादीत) नाही, असे उत्तर येते. पुस्तकांची सगळी नोंद त्याच डिस्कवर असल्याने नव्याने डेबियन बसवण्याचा धोका पत्करायचा नाही. काय करावे?

काळा पडदा:
जुना पासवर्ड कळणार नाही, कारण ‘/ईटीसी/शॅडो’ फाइलमध्ये त्याचा केवळ हॅश (मूळ शब्द उलट काढता येत नाही असे रूप) असतो. नवा मात्र ठेवता येतो. संगणक सुरू होताना ग्रबच्या (कार्यप्रणाली सुरू करून देणाऱ्या प्रोग्रामच्या) यादीत ‘ई’ दाबा, ‘लिनक्स’ या शब्दाने सुरू होणाऱ्या ओळीतील ‘आरओ’च्या (फक्त वाचणे) जागी ‘आरडब्ल्यू’ (वाचणे आणि लिहिणे) लिहा, ओळीच्या शेवटी ‘इनिट=/बिन/बॅश’ जोडा (हे सारे अर्थातच इंग्रजी अक्षरांत) आणि एफ१० दाबा. मग ‘पासडब्ल्यूडी’ आज्ञेने नवा पासवर्ड द्या, ‘सिंक’ करा (म्हणजे बदल डिस्कवर उतरवा) आणि संगणक पुन्हा सुरू करा. ‘ऑथेंटिकेशन टोकन मॅनिप्युलेशन एरर’ दिसली, तर घाबरू नका. बहुधा डिस्क अजून फक्त वाचण्यापुरतीच जोडलेली असते. डिस्क कूटबद्ध असेल, तर मात्र तिचा सांकेतिक शब्द लागेलच.

डेबियन बसवताना रूटचा पासवर्ड दिला, की पहिले खाते सुडो गटात जात नाही; तो रिकामा सोडला तर जाते. तेव्हा आत शिरल्यावर रूट म्हणून आपले खाते त्या गटात घाला.

मुक्तप्रणाली:
त्यानंतर ‘पासडब्ल्यूडी -एल रूट’ देऊन रूटला कुलूप लावावे, असे मी सुचवेन. डेबियनवर आधारित उबुंटूमध्ये रूट मुळातच बंद असतो आणि सुडोमुळे कोणी काय केले याची नोंद राहते.

काळा पडदा:
या संगणकासाठी मी तसे करणार नाही. ‘एफएसटॅब’मध्ये (कोणत्या डिस्क जोडायच्या ते सांगणाऱ्या फाइलमध्ये) एखादी ओळ चुकली, की डेबियन आणीबाणीच्या कन्सोलवर येऊन रूटचाच पासवर्ड मागते, रूट बंद असेल, तर तेथे प्रवेश मिळत नाही आणि पुन्हा ग्रबमधूनच वाट काढावी लागते. रोजचे काम सुडोने करावे आणि रूटचा लांब पासवर्ड कागदावर लिहून बंद लिफाफ्यात ठेवावा. ज्या वाटेने आपण आत जाणार, त्याच वाटेने संगणकापाशी बसलेला कोणीही जाऊ शकतो, म्हणून ग्रबलाही पासवर्ड लावा.

वाचनालय-सेवक:
आभारी आहे. ‘आरडब्ल्यू’ लिहायचे राहिल्याने पहिल्यांदा तीच एरर आली, दुसऱ्या खेपेस पासवर्ड बदलला. पुस्तकांची नोंद जशीच्या तशी आहे. लिफाफा कार्यवाहांच्या कपाटात ठेवला आहे; ग्रबचा पासवर्ड उद्या लावतो.